लांकडावरील कागदाचा लगदा आणि मावळांतील दप्तरें

१

जुन्या कागदपत्रांच्या नाशाचीं कारणें मोजतांना संशोधक बहुधा वाळवी, कसर, आग, पाऊस आणि वाण्याची पुडी एवढीं सांगून थांबतात. या यादींत आणखी एका कारणाची भर घालणें अवश्य आहे. तें कारण म्हणजे कागदाचा लगदा. रद्दी कागद भिजवून, कुटून, खळींत मळून त्याचा लेप लांकडी फळीवर, पेटीवर, मुखवट्यावर अगर बांबूच्या टोपलीवर देण्याची कला आपल्याकडे परिचित आहे. कारागिरीच्या दृष्टीनें ती निरुपद्रवी, किंबहुना स्तुत्य आहे. परंतु टाकाऊ कागद कोणता हें कोणी ठरवावें, हा प्रश्न संग्राहकास विचारावाच लागतो. कारागिराच्या हातीं गेलेला कागद कोणत्या दप्तरांतून आला, त्यावर काय लिहिलेलें होतें, आणि लेप वाळल्यावर त्यांतील कांहीं वाचतां येण्याजोगें उरलें कीं नाहीं, याचा विचार करणें हा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

या विचारासाठीं आम्ही मावळ प्रांत निवडला आहे. आजच्या मावळ तालुक्यांत अंदर मावळ, नाणे मावळ व पवन मावळ हे भाग येतात; लोणावळें, खंडाळा, कार्लें, भाजें, कामशेत, वडगांव आणि तळेगांव हीं त्यांतील ठळक ठिकाणें. जुन्या बारा मावळांचा विस्तार याहून मोठा, दक्षिणेस थेट भोरच्या मुलुखापर्यंत होता, आणि तेथील देशमुख, देशपांडे, कुळकर्णी व पाटील या वतनी घराण्यांकडे आपापलीं दप्तरें असत. म्हणजे कागद होता. भात पिकत असल्यामुळें खळ होती. डोंगरांत बांबू आणि साग होता. आणि पाऊस असा कीं, कागदाचा अर्धा लगदा त्यानेंच करून द्यावा. लगद्याच्या कामास लागणारी सर्व सामग्री आणि इतिहासाच्या कामास लागणारी सर्व सामग्री एकाच घराच्या माळ्यावर शेजारीं शेजारीं पडलेली असे, हें या प्रांताचें वैशिष्ट्य ध्यानांत घेतलें पाहिजे.

२

प्रथम या कलेची थोडी पूर्वपीठिका सांगतों. हिंदुस्थानांत तिचें मोठें माहेर काश्मीर हें होय. सुलतान झैन-उल-आबिदीन (१४२०-१४७०) याच्या कारकीर्दींत काश्मिरांत कागद बनविण्याची व तदनुषंगिक हस्तकलांची वाढ झाली, असें मानलें जातें. तेथें लगद्याच्या नक्षीदार कामास ‘कार-ए-कलमदानी’ असें नांव पडलें, कारण लेखकांचीं कलमदानें हा त्या कामाचा प्रमुख प्रकार होता. वस्तूचा आकार घडविणारा वेगळा आणि तिच्यावर रंग व नक्षी चढविणारा वेगळा, अशी श्रमविभागणीही तेथें रूढ झाली. लांकडावर हें काम कसें शोभतें, हें श्रीनगर येथील शाह हमदानच्या खानकाहींत पाहावयास मिळतें. तेथील लांकडी छत व भिंती या कामानें मढविलेल्या आहेत. ज्या कलमदानांतून दप्तरें लिहिलीं गेलीं, तें कलमदानच कुटलेल्या कागदाचें असावें, ही गोष्ट संग्राहकांनीं लक्षांत ठेवण्यासारखी आहे.

युरोपांतही ही कला होती. परंतु तिची एक निराळी शाखा आमच्या विषयास विशेष उपयोगी आहे. बर्मिंगहॅम येथील हेन्री क्ले नामक कारागिरानें १७७२ सालीं एका रीतीचें पेटंट घेतलें. तींत कागद कुटावयाचा नाहीं. आख्खे ताव एकावर एक खळीनें चिकटवावयाचे, मग त्यांस तेल पाजून भट्टींत वाळवावयाचे. अशा रीतीनें तयार झालेली फळी लांकडाप्रमाणें करवतीनें कापतां येई व रंध्यानें तासतां येई. गाड्यांचीं दारें, तबकें, पेट्या असल्या वस्तु तिच्या होत. कुटलेला लगदा आणि चिकटविलेले थर यांतील भेद येथें स्पष्ट दिसतो, आणि पुढें त्यावरच सर्व विवेचन अवलंबून आहे.

महाराष्ट्रांत या दोन्ही रीति निरनिराळ्या वेषांत आढळतात. सावंतवाडीचे चितारी गंजिफा करतांना कापडाचे थर चिंचोक्याच्या खळीनें जोडून त्यावर खडूचा लेप देत, तो घोटून गुळगुळीत करीत, रंगवीत आणि शेवटीं लाखेचें रोगण चढवीत. तेथील लांकडी पाट, चौरंग व खेळणीं यांवरही रंगाखालीं असाच अस्तराचा लेप असतो. जव्हार-मोखाड्याकडील बोहाड्याचे मुखवटे पूर्वीं लांकडाचे असत. ते जड होत म्हणून पुढें कागदाच्या लगद्याचे होऊं लागले. आणि सर्वांत सामान्य, म्हणूनच सर्वांत दुर्लक्षित, प्रकार घरगुती आहे. रद्दी कागद व मेथ्या भिजत घालून, त्या दोहोंचें वाटण करून त्यानें टोपल्या व सुपें लिंपण्याची चाल महाराष्ट्रांतील खेडोपाडीं होती. मेथीच्या चिकटपणानें लगदा धरून राहतो, तिच्या कडवटपणामुळें किडा लवकर लागत नाहीं, आणि बांबूच्या विणीच्या फटी बुजून धान्य व पीठ सांडत नाहीं. या कामास कोणी कला म्हटलें नाहीं, त्यामुळें त्याची नोंदही कोणी ठेविली नाहीं.

३

लांकडावर लगदा चढविणें हें टोपली लिंपण्यापेक्षां अवघड काम आहे, कारण लांकूड जिवंत असल्याप्रमाणें हालतें. हवा दमट झाली कीं तें फुगतें, कोरडी झाली कीं आकसतें. आणि हें फुगणें-आकसणें तंतूंच्या लांबीच्या दिशेनें अगदीं थोडें व रुंदीच्या दिशेनें पुष्कळ असतें. लगदा मात्र वाळतांना सर्व बाजूंनीं सारखा आकसतो. या दोहोंची ओढाताण झाली म्हणजे लेपास भेगा पडतात, अगर तो पोपडा धरून सुटतो. म्हणून जाणता कारागीर पुढील क्रम पाळतो.

फळी पुरती मुरलेली व कोरडी पाहून घ्यावयाची. तिच्यावर जुनें तेल, मेण अगर लाख असेल तर ती खरवडून काढावयाची, नाहींतर खळ धरत नाहीं. मग पटाशीच्या टोंकानें अगर करवतीच्या दांत्यांनीं पृष्ठभाग उभा-आडवा ओरखडून खडबडीत करावयाचा. त्यावर पातळ खळीचा एक हात देऊन तो वाळूं द्यावयाचा, म्हणजे कोरडें लांकूड लगद्यांतील पाणी एकदम शोषून घेत नाहीं. शक्य तर जुन्या मऊ कापडाचा एक थर चिकटवावयाचा. लांकडाची हालचाल तो कांहींसा स्वतः सोसतो आणि वरच्या लेपास कमी पोंचूं देतो. त्यानंतर लगदा, तोही एकाच वेळीं जाड थापावयाचा नाहीं, पातळ थर देऊन, सावलींत वाळवून, मग पुढचा. फळीच्या एकाच बाजूस लेप दिला तर ती त्या बाजूस ओढली जाऊन वांकडी होते. म्हणून मागील बाजूसही निदान कागदाचा एक ताव चिकटवावा लागतो. सर्व सुकल्यावर काचकागदानें घासणें, खडूचें अस्तर, पुन्हा घासणें, रंग, आणि शेवटीं राळ अगर लाख यांचें रोगण.

यांतील एका वाक्याकडे वाचकांनीं विशेष लक्ष द्यावें अशी विनंति आहे. फळी वांकूं नये म्हणून मागील बाजूस जो ताव चिकटवितात, तो कुटलेला नसतो. तो आख्खा असतो. दर्शनी बाजू नक्षीची असल्यामुळें तेथें चांगला पांढरा कागद लागे. मागील बाजू भिंतीकडे अगर पेटीच्या आंत जाणारी, तेथें घरांत जो निरुपयोगी वाटे तो कागद जाई. लिहिलेला कागद सांपडण्याचा संभव अधिक तो याच ठिकाणीं.

मावळांत या कामास ऋतूचें बंधन फार कडक आहे. लोणावळ्यास वर्षास सरासरी चार हजार मिलिमीटरांहून अधिक पाऊस पडतो. पूर्वेस तळेगांवकडे जातां जातां तो झपाट्यानें कमी होतो. घाटमाथ्यावरच्या चार महिन्यांत ओला लगदा वाळण्याऐवजीं बुरशी धरतो. त्यामुळें लेपाचें काम कार्तिक ते फाल्गुन या कोरड्या महिन्यांत करावें लागतें. खळ म्हणजे अखेर अन्नच. त्यावर कसर, झुरळें व वाळवी तुटून पडतात. म्हणून खळींत थोडा मोरचूद घालण्याची चाल जिल्हेगारांत फार काळापासून आहे. मोरचूद विषारी आहे, हें मात्र हौशी कारागिरांनीं विसरूं नये.

लांकूड टिकतें कीं नाहीं याची साक्ष याच प्रांतांत आहे. कार्ल्याच्या चैत्यगृहांतील छताच्या लांकडी कमानी व स्तूपावरील लांकडी छत्र सुमारें दोन हजार वर्षें उभीं आहेत. भाज्याच्या चैत्यांतही तशा लांकडी कमानी आहेत. बाहेर सह्याद्रीचा पाऊस कोसळत असतांना आंत लांकूड कोरडें राहिलें, एवढेंच या टिकण्याचें रहस्य. भाज्याच्या त्या कमानींवर ब्राह्मी अक्षरांतले छोटे लेखही मिळाले आहेत. शतकानुशतकें लोक त्या कमानींखालून गेले, आणि तीं अक्षरें कोणाच्या ध्यानांत आलीं नाहींत. घरांतील जुनें लांकूड हातीं घेतांना हा दाखला मनांत असावा.

४

आतां कागदाकडे वळूं. मराठी दप्तरांतील कागद हातानें केलेला असे. मावळाच्या शेजारचें जुन्नर हें त्याचें एक प्रसिद्ध ठिकाण, व ‘जुन्नरी कागद’ हें नांव संग्राहकांस परिचित आहे. त्याखेरीज दौलताबादेकडील कागदही आपल्याकडे येई. ताग, दोर, जुनें गोणपाट, चिंध्या असल्या तंतुमय वस्तु चुन्याच्या अगर खाराच्या पाण्यांत भिजवून, ढेंकीनें कुटून, धुऊन त्यांचा लगदा करीत. तो हौदांत कालवून चाळणीवर ताव उचलीत. वाळल्यावर त्यास खळ देऊन, शंखानें अगर गुळगुळीत दगडानें घोटीत. अशा कागदाचे तंतु लांब व चिवट असतात. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून यंत्रावरचा जो स्वस्त कागद आला, त्यांतील वर्तमानपत्री कागद लांकडाच्या भुग्याचा असतो. त्याचे तंतु तोकडे, आणि त्यांत आम्ल उत्पन्न होऊन तो थोड्याच वर्षांत पिवळा व ठिसूळ होतो.

यावरून एक कटु निष्कर्ष निघतो. ज्या गुणामुळें जुना हातकागद दोनतीनशें वर्षें टिकला, त्याच गुणामुळें त्याचा लगदाही उत्तम होतो. लांब तंतूंचा लगदा लांकडास घट्ट धरतो, वाळतांना कमी फुटतो, व पातळ थरांतही बळकट राहतो. वर्तमानपत्राचा गठ्ठा व जुन्या बासनांतील कागद शेजारीं ठेवले, तर नुसत्या हाताच्या स्पर्शानें कारागीर दुसऱ्याची निवड करील, आणि कारागीर या नात्यानें ती निवड बरोबरच असेल.

शाईची गोष्ट तितकीच महत्त्वाची आहे. आपल्या दप्तरांतील शाई मुख्यतः काजळीची, डिंकांत घोटलेली. काजळी उन्हानें विटत नाहीं, काळानें फिकी पडत नाहीं. म्हणून शिवकालीन पत्र आजही काल लिहिल्यासारखें दिसतें. परंतु तिला कागदाशीं बांधून ठेवणारा डिंक पाण्यांत विरघळतो. मावळांत कुरवंड्याजवळ उगम पावणारी इंद्रायणी पुढें देहूस जाते. त्याच नदींत तुकोबांच्या वह्या बुडविल्या गेल्या व तेरा दिवसांनीं त्या कोरड्या वर आल्या अशी परंपरा आहे, आणि देहूच्या देवस्थानांत ‘भिजकी वही’ या नांवानें ओळखली जाणारी वही जतन केलेली आहे. वारकऱ्यांनीं त्या घटनेस चमत्कार म्हटलें, यांत त्यांस शाईचा स्वभाव ठाऊक होता हेंही दिसून येतें. सामान्य दप्तरास तें भाग्य लाभत नाहीं. भिजत घातलेल्या कागदावरून अक्षर प्रथम पसरतें, मग सुटतें, आणि कुटल्यावर त्याची नुसती करडी झांक लगद्यांत राहते.

५

एवढे चांगले कागद लोकांनीं टाकाऊ कां मानले, याचा उलगडा केल्यावांचून त्यांस दोष देणें न्यायाचें होणार नाहीं. वतनी घराण्यांत दप्तर जपलें जाई तें इतिहासाच्या प्रेमानें नव्हे, हक्काच्या पुराव्यासाठीं. सनदा, महजर, निवाडपत्रें, वाटणीपत्रें हीं जमिनीचीं व मानपानाचीं शस्त्रें होतीं. १८५२ च्या कायद्यान्वयें इनाम कमिशननें इनामदारांकडून पुरावे मागितले, तेव्हां ज्याच्या घरीं कागद त्याचें इनाम राहिलें व ज्याच्या घरीं कागद नाहीं त्याचें गेलें. त्या धाकानें पुढील शंभर वर्षें दप्तरें माळ्यावर सुरक्षित राहिलीं. पोथींत व दप्तरांत वेखंडाचे तुकडे घालणें, बासन ऊन दाखवून पुन्हा बांधणें हे सोपस्कार याच काळजीचे.

मग १९५० सालीं मुंबई राज्यांत परगणा व कुळकर्णी वतनें रद्द करण्याचा कायदा झाला, आणि पाटिलकीचीं वतनें १९६२ च्या कायद्यानें संपलीं. ज्या हक्काचा पुरावा म्हणून कागद जपला, तो हक्कच उरला नाहीं. त्याच सुमारास मोडीचें शिक्षणही शाळांतून गेलें. आजोबा मोडी वाचीत, वडील अडखळत वाचीत, नातवास तीं नुसतीं वळणें दिसूं लागलीं. कायद्याच्या दृष्टीनें निरुपयोगी व वाचण्याच्या दृष्टीनें अगम्य, अशी कागदाची दुहेरी अवनति एकाच पिढींत घडून आली. जुन्या घरांची मोडतोड, वांटण्या, पुण्या-मुंबईस स्थलांतर हीं त्यांत मिळालीं. अशा वेळीं माळा साफ करणाऱ्यानें बासन सोडून त्यांतील कागद लगद्यासाठीं भिजत घातला असेल, तर त्याच्या दृष्टीनें त्यानें रद्दीचा सदुपयोगच केला. आमचा आक्षेप त्या व्यक्तीवर नाहीं. त्या कागदाचें मोल त्यास सांगण्यास कोणी वेळेवर गेलें नाहीं, हें शल्य मात्र आहे.

६

तथापि सर्वच कागद नष्ट झाला असें समजून हात झाडून मोकळें होतां येत नाहीं. येथेंच कुटलेला लगदा व चिकटविलेले थर यांतील भेद कामास येतो. कुटलेल्या लगद्यांतून अक्षर परत मिळत नाहीं. त्याविषयीं आशा बाळगूं नये. थरांच्या कामांत मात्र ताव आख्खे असतात. जुन्या बाडांचे व वह्यांचे पुठ्ठे अशाच रद्दी तावांचे थर चिकटवून, वर कापड अगर चामडें चढवून करीत. लांकडी पेटीच्या आंतील अस्तर, फळीच्या पाठीवरचा ताव, पोथीच्या फळ्यांवर रंगाखालीं दिलेला कागद, हींही थरांचींच कामें. त्यांत अक्षर झांकलेलें असतें, मेलेलें नसतें.

याचें जगांतील सर्वांत प्रसिद्ध उदाहरण मिसर देशांतलें आहे. तेथें टॉलेमी राजांच्या काळांत प्रेतांवरील मुखवटे व आवरणें करण्यासाठीं सरकारी कचेऱ्यांतील रद्दी पपायरस थरांनीं चिकटवून, वर पांढरें अस्तर देऊन रंगवीत. १८८९-९० मध्यें फ्लिंडर्स पीट्री यांस फयूम प्रांतांतील गुरोब येथें अशीं आवरणें मिळालीं. तीं उकलतां त्यांतून मृत्युपत्रें, हिशेब, अर्ज, पत्रें बाहेर पडलीं. इतकेंच नव्हे, तर प्लेटोच्या ‘फीडो’ संवादाचे अति प्राचीन तुकडे व युरिपिडीसच्या नष्ट झालेल्या ‘अँटिओपी’ नाटकाचा कांहीं भागही मिळाला. महॅफी यांनीं १८९१ पासून ते प्रसिद्ध केले. कचेरीची रद्दी म्हणून कारागिरास विकलेल्या कागदानें दोन हजार वर्षांनीं एका राज्याचा कारभार सांगितला. आपल्या दप्तराची जात याहून निराळी नाहीं.

आपल्या घरांतील वस्तूंत लगदा कोणता व थर कोणते, हें ओळखण्याच्या कांहीं खुणा सांगतों. वस्तूची फुटलेली कड अगर झिजलेला कोपरा भिंगाखालीं पाहावा. थरांचें काम असेल तर पानांच्या कडांप्रमाणें रेषा एकीवर एक दिसतात; लगदा असेल तर कापसासारखें तंतूंचें जाळें दिसतें. एका बाजूनें तिरपा उजेड टाकला असतां तावांचे जोड व घड्या उठून दिसतात. करड्या रंगाचा लगदा लिहिलेल्या कागदाचा असण्याचा संभव अधिक. पांढरट असेल तर कोऱ्या कागदाचा. ज्या ठिकाणीं वरचा थर पातळ आहे, तेथें अवरक्त किरणांचें छायाचित्र घेतल्यास खालील काजळीचें अक्षर पुष्कळदां दिसून येतें, कारण काजळी ते किरण शोषून घेते व छायाचित्रांत काळी उमटते. हें साधन आतां दुर्मिळ राहिलेलें नाहीं.

मात्र एक गोष्ट कदापि करूं नये. अक्षर दिसलें म्हणून उतावीळ होऊन वस्तु पाण्यांत घालूं नये, अगर वाफेवर धरूं नये. खळ सुटण्यास पाणी लागतें हें खरें. परंतु त्याच पाण्यानें काजळीची शाईही सुटते. थर उकलतील आणि अक्षर जाईल. गुरोबनंतरच्या काळांत मिसरी मुखवटे मोडून पपायरस काढण्याची जी लाट आली, तींत कित्येक सुंदर मुखवटे कायमचे गेले, आणि आजचे जाणते रक्षणकार ती रीत त्याज्य मानतात. वस्तु हीही इतिहासाचें साधन आहे. रंगविलेली पेटी मोडून आंतील पावती मिळविण्यांत लाभ किती व हानि किती, याचा हिशेब आधीं झाला पाहिजे.

७

येथें कोणी असा आक्षेप घेईल कीं, महत्त्वाच्या सनदा लोक जपूनच ठेवीत. लगद्यांत गेले ते किरकोळ हिशेब, याद्या, पावत्या असणार. त्यांच्यासाठीं एवढा विचार कशाला? या आक्षेपाचें उत्तर मावळानेंच देऊन ठेविलें आहे. बारा मावळांपैकीं रोहिडखोऱ्यांतील कारी येथील जेधे देशमुखांच्या घरांत एक शकावली होती. तींत सनांचीं व तिथींचीं रुक्ष टिपणें. दिसावयास ती सनदही नाहीं व निवाडाही नाहीं. जमिनीच्या हक्कासाठीं तिचा उपयोग नव्हता. ती लोकमान्य टिळकांच्या हातीं आली, आणि १९१६ सालीं भारत इतिहास संशोधक मंडळानें ती प्रसिद्ध केली. शिवाजी महाराजांचा जन्म शके १५५१ फाल्गुन वद्य तृतीया, म्हणजे १९ फेब्रुवारी १६३० या दिवशीं झाला, हें ठरविण्यास त्या टिपणांचा आधार मिळाला. परमानंदाच्या शिवभारतानें त्यास दुजोरा दिला. आणि २००१ सालीं महाराष्ट्र शासनानें तीच तिथि मान्य केली. कागद किरकोळ कीं मोलाचा, हें त्याच्या मालकास त्याच्या हयातींत समजतेंच असें नाहीं.

राजवाड्यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें’ या मालेचा पहिला खंड १८९८ सालीं निघाला व पुढें ती माला बावीस खंडांपर्यंत गेली. तीं साधनें दरबारी कचेरींत थोडीं, घराघरांतल्या माळ्यांवर व दिवळ्यांत अधिक मिळालीं. रियासतकार सरदेसाई १९२५ सालीं बडोद्याहून निवृत्त झाले आणि पुढें मावळांतल्याच कामशेत येथें स्थायिक झाले. पेशवे दप्तरांतील निवडक कागदांचे ४५ भाग १९३० ते १९३४ या काळांत त्यांच्या संपादनाखालीं बाहेर पडले, आणि १९५९ सालीं त्यांचा अंत कामशेतलाच झाला. पुण्याच्या दप्तरांतून निवडलेल्या कागदांस अशा रीतीनें मावळांत आसरा देणारा संपादक लाभला. मावळांतील घरगुती कागदांस तसा वाली प्रत्येक गांवीं लाभला नाहीं.

आणखी एक विचार. किरकोळ हिशेबांतूनच भाताचे भाव, बलुत्यांचे हक्क, बांबू व सागाची तोड, घाटांतील जकात आणि वेठ यांची माहिती मिळते. राजकारणाचा इतिहास सनदांवर लिहितां येतो. प्रांताचा इतिहास पावत्यांवांचून लिहितां येत नाहीं. आणि लगद्यांत प्रथम जातात त्या पावत्याच.

८

शेवटीं संग्राहकांस व कारागिरांस कांहीं सूचना करतों.

जुनी पेटी, देव्हारा, पाट, मुखवटा, पोथीच्या फळ्या अगर बाडाचा पुठ्ठा हातीं आला तर तो स्वच्छ करण्यापूर्वीं सर्व बाजूंनीं छायाचित्रें घ्यावींत. कोणत्या गांवच्या व कोणत्या प्रकारच्या घरांतून आला तें लिहून ठेवावें. पाठीवरचा व आंतील अस्तराचा कागद दर्शनी नक्षीइतकाच तपासावा. सुटलेले तुकडे फेकून न देतां, तारीख घालून कोऱ्या आम्लरहित कागदांत ठेवावे. नवा लगदा, नवा रंग अगर नवें रोगण चढवून जुनी वस्तु ‘चांगली करण्याचा’ मोह टाळावा. त्या लेपाखालीं काय जाईल तें सांगतां येत नाहीं. उकलण्याची वेळ आलीच, तर तें काम जाणत्या रक्षणकाराकडे सोंपवावें, आणि आधीं छायाचित्रानें जितकें वाचतां येईल तितकें वाचून घ्यावें.

ज्यांस लांकडावर लगद्याचें काम करावयाचें आहे, त्यांनीं तें अवश्य करावें. वर्तमानपत्रें, पुठ्ठ्याचीं खोकीं, छपाईची रद्दी यांचा आज तोटा नाहीं, आणि लांब तंतूंचाच लगदा पाहिजे असेल तर तागाच्या अगर सुती चिंध्यांचा तयार करतां येतो. आमची विनंति इतकीच कीं, हातानें लिहिलेला एकही कागद, मग त्यावरची लिपि कळो वा न कळो, भिजत घालण्यापूर्वीं मोडी जाणणाऱ्या माणसास दाखवावा. मोडी वाचणारे आज थोडे असले तरी नाहींतच असें नाहीं. पुण्यांत व अन्यत्र मोडीचे वर्ग चालतात, आणि भारत इतिहास संशोधक मंडळासारख्या संस्था असा कागद नाकारीत नाहींत.

मावळांत दर पावसाळ्यांत कांहीं जुनीं घरें खचतात, आणि दर दिवाळीपूर्वीं कांहीं माळे साफ होतात. हे दोन प्रसंग वर्षाकाठीं ठरलेलेच आहेत. कार्तिकांत कारागीर लगदा भिजत घालतो त्याच्या आधीं, म्हणजे आश्विनांत, संग्राहकानें मावळांतून एक फेरी करावी, पेट्यांच्या पाठी व बाडांचे पुठ्ठे पाहावे, आणि जें मिळेल त्याची वार्ता या त्रैमासिकाकडे कळवावी, एवढी विनंति करून हा लेख पुरा करतों.